मिगेल इंक्लान खलनायकाच्या साच्यात वाया गेला का?

रीळवेडा:
परवा रात्री दिग्दर्शक बुन्युएलचा 'लोस ओल्विदादोस' (1950) परत बघितला आणि तो आंधळा काही डोक्यातून जात नाहीये. मेक्सिको सिटीच्या गरीब वस्तीत ढोल वाजवत, गाणी म्हणत पैसे मागणारा डॉन कार्मेलो, मिगेल इंक्लान या मेक्सिकन नटाने केलेला. मेक्सिकन सिनेमाच्या सुवर्णकाळाने या माणसाला वाया घालवलं असं माझं स्पष्ट मत आहे. 'मारिया कांदेलारिया'त शोचिमिल्को गावचा दुकानदार, नायिकेवर वाईट डोळा, तिचं डुकराचं पिल्लू मारतो, वर ती तापाने फणफणली तरी क्विनाईन देत नाही. 'नोसोत्रोस लोस पोब्रेस'मध्ये (1948) गंजेडी डॉन पिलार. चेहरा राकट, म्हणून सगळी नीच माणसं याच्याच वाट्याला.

मीठभाकर:
अजिबात पटलं नाही. पिलारचा तो सीन नीट बघ ना. लुळ्या पडलेल्या बाईला ना बोलता येत ना हलता येत, नुसते डोळे, आणि त्याच डोळ्यांनी तिने त्याची चोरी बघितलीये, ती बघत राहते आणि याला ते सहनच होत नाही, शेवटी तिला मारत सुटतो. राग नाहीये तो, भीती आहे. माजलेला गुंड शंभर जण करतील, घाबरून मारणारा माणूस इंक्लाननेच करावा. यात वाया काय गेलं?

खिडकीपाशी:
दोघंही 'सालोन मेहिको' (1949) विसरताय. त्यात तो पोलीस आहे, लुपे. नायिका मेर्सेदेस धाकट्या बहिणीच्या शाळेसाठी डान्स हॉलमध्ये काम करते, बहिणीला पत्ता लागू देत नाही. लुपेला सगळं माहीत असतं, तरी तो तिच्याशी इतक्या आदराने वागतो, लग्नाचं विचारतो. तोच राकट चेहरा, तोच भरदार आवाज, पण जीव लावावासा वाटतो. मला तर रडू आलं होतं.

रीळवेडा:
अगं तेच तर म्हणतोय मी! लुपे करू शकणाऱ्या माणसाला असे रोल इतके कमी का? जॉन फोर्डने 'फोर्ट अपाची'त (1948) त्याला अपाची टोळीचा प्रमुख कोचीस केलं, तो रुबाबदार आहे, मान्य, पण बोलतो स्पॅनिश आणि त्याचं म्हणणं सांगायला शेजारी दुभाष्या, पेद्रो आर्मेंदारिस. 1956 ला इंक्लान गेला. पोस्टरवर मोठ्या अक्षरात कायम दुसऱ्यांचीच नावं.

मीठभाकर:
पोस्टरचं दुःख मलाही आहे रे. पण आंधळ्याचा रोल छोटा म्हणशील? पोरं दगड मारून त्याचा ढोल फोडतात, तो चिखलात आडवा, आणि समोर एक कोंबडी येऊन उभी. आपण हळहळतो. मग हाच माणूस मेचे नावाच्या कोवळ्या पोरीला जवळ ओढतो, आणि शेवटी त्या पोरांच्या म्होरक्यावर, खायबोवर, गोळ्या झाडल्या जातात तेव्हा आवाज ऐकून खूश होतो. आपली सगळी दया परत घ्यायला लावतो. हे करायला लुपेचा प्रेमळपणा आणि पिलारचा भेकडपणा दोन्ही अंगात असावे लागतात, आणि आधीच्या त्या 'साच्यातल्या' रोलांशिवाय ते जमलं असतं असं मला नाही वाटत.

रीळवेडा:
कोंबडीचं मान्य. वाया गेला हे मात्र मी सोडणार नाही. 'सालोन मेहिको' आज रात्री परत लावतो.