बाललीला, खोड्या आणि आमच्याकडचा ‘वांड’

कृष्णाच्या सिनेमात ‘बाललीला’ म्हणतात त्या आणि आपण घरी म्हणतो त्या ‘खोड्या’, ह्यात फरक काय ओ? खानापूरकडं आम्ही असल्या पोराला सरळ वांड म्हणतो. देवाला वांड म्हटलेलं चालतंय का?

—

ताई, चालतंय की. बोलणारं कोण हे बघायचं. गवळणी गाऱ्हाणं आणतात ते खोड्यांचं, कारण त्यांच्या लेखी तो नंदाचा पोरगा. लीला म्हणणारे आपण, थेटरात बसलेले, आपल्याला आधीच ठाऊक असतंय हा कोण ते. ज्या सिनेमात नुसती लीलाच उरते, पोर पहिल्यापासनं आशीर्वादाचा हात वर करून उभं, तो मला तरी कोरडा वाटतो. फाळक्यांचा १९१९ चा ‘कालिया मर्दन’ बघा, मूकपट, कृष्ण झालीय त्यांचीच मुलगी मंदाकिनी, सुरुवातीला तिच्या चेहऱ्यावरचे नुसते हावभाव दाखवलेत आणि कालियापर्यंत पोचायच्या आधी बराच वेळ गावातल्या खोड्याच चालल्यात. आधी पोर आवडलं पाहिजे, मग देव.

लीला म्हणजे मुळात खेळ, सहज केलेली करणी, त्यावरनंच ‘लीलया’. वयाचा संबंध नाही, लीळाचरित्रातले चक्रधर मोठेच आहेत की, म्हणून तर ‘बाल’ जोडावं लागतं. खोडीत मात्र दुसऱ्याला सतवायचं असतं. लोणी चोरणं, मडकी फोडणं खोडी, फण्यावर नाचणं नव्हे. मारुतीनं फळ समजून सूर्याकडं झेप घेतली तीपण खोडी नव्हे, पण ऋषींना त्रास देऊन शाप घेतला ती खोडीच.

—

कन्नडात खोडकराला ‘तुंट’ म्हणतात, आणि कृष्णालाही मायेनं तुंटच. आणखी एक, त्यांच्यात ‘आट’ म्हणजे पोरांचा खेळ आणि रंगमंचावरचापण, बयलाट, सण्णाट वगैरे तिकडची लोकनाट्यं. आपल्या मराठीत ‘खेळ’ तसाच, अंगणातला आणि थेटरातला सहाचा, आणि लीलेचा मूळ अर्थही तोच निघाला म्हणजे बघा.

—

छान सांगितलंसा. वांडमध्ये मला रागापेक्षा ‘आवरेना’ हा भाव जास्त वाटतो, आई दमलीय पण माया कमी नाही. यशोदेच्या तोंडी एकदम बसतंय, दोरी पुरेना म्हणून ती उखळाभोवती घामाघूम झालेली असते तिथं तर दुसरा शब्दच नको.