उत्तर: विचिटा फॉल्सची ‘गगनचुंबी’ इमारत

टेक्सासमधल्या विचिटा फॉल्समध्ये गगनचुंबी म्हणून पैसे गोळा केलेली इमारत प्रत्यक्षात अगदी छोटी निघाली. वर एकांनी ही ‘ड्राफ्ट्समनची (आराखडा काढणाऱ्याची) चूक’ म्हटली आहे. ते पटत नाही. आराखड्यात फुटाला एक तिरपी रेघ (′) आणि इंचाला दोन (″). या प्रकरणात गुंतवणूकदार 480 फूट समजून चालले होते आणि कागदावर होतं 480″, म्हणजे भागिले 12, जेमतेम 40 फूट. उंचीत फरक 12 पटींचा. लांबी-रुंदीलाही तीच युक्ती लावली की क्षेत्रफळ 144 पटींनी घटतं. गंमत (म्हणजे त्यांच्यासाठी नव्हे) अशी, की कोर्टात इमारत बांधणारा मॅकमेहनच सुटला, कारण त्याने बांधकाम मंजूर आराखड्याबरहुकूमच केलं होतं.

1918 मध्ये जवळच बर्कबर्नेटला तेल लागलं. कार्यालयांना जागा नव्हती, सौदे तंबूत आणि रस्त्याच्या कोपऱ्यावर होत होते. अशा घाईत 2,00,000 डॉलर जमले. 1919 मध्ये उभे राहिले चार मजले, आतून प्रत्येकी साधारण 12 बाय 9 फूट. लिफ्ट आलीच नाही. सुरुवातीला वर जायला शिडी होती. जिना नंतर बसवला, तर त्याने पाव जागा खाल्ली.

पकडणं अवघड नव्हतं. एकूण उंचीला मजल्यांच्या संख्येने भागायचं. मजल्यामागे 10-12 च्या आसपास आकडा आला तर तो फुटांत, 120-140 आला तर इंचांत. मग नकाशावरचा दरवाजा पट्टीने मोजून स्केलशी ताडायचा, कारण दरवाजा सात फुटांच्या आसपासच असतो. भागभांडवलाच्या कागदांबरोबर हे एवढं कुणी केलं नाही.