नाटोचा ‘स्टॅनॅग ४६७०’ म्हणजे नेमकं काय? आपलं सर्टिफिकेट तिथे चालतं का?

कराडकर_पायलट:
नमस्कार मंडळी. डीजीसीएच्या, म्हणजे आपल्या नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाच्या, नियमांनुसार माझ्याकडे स्मॉल वर्गाचं, म्हणजे २५ किलोपर्यंतचं, रिमोट पायलट सर्टिफिकेट आहे. उसावर फवारणी करतो. परवा एक मित्र म्हणाला की नाटोच्या सगळ्या देशांत ड्रोनचं ट्रेनिंग एकाच स्टँडर्डवर चालतं, त्याला स्टॅनॅग ४६७० म्हणतात. म्हणजे पोलंडचा माणूस ब्रिटनचं ड्रोन थेट उडवू शकतो का? आणि आपल्या सर्टिफिकेटला तिथे काही किंमत आहे का?

आइंडहोव्हनहून:
आधी दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर देतो. नाही. तुझं सर्टिफिकेट नागरी आहे आणि ते फक्त भारतात चालतं.

आता पहिला प्रश्न. स्टॅनॅग हा देशादेशांतला करार असतो. प्रत्येक देश तो आपापला मंजूर करतो, कधी काही कलमांना हरकत नोंदवून. ४६७० मध्ये ऑपरेटरला किमान काय यायला हवं ते आहे: हवाई हद्दीचे नियम, हवामान, लिंक तुटल्यावर काय करायचं. पण त्यातून पोलंडच्या माणसाला ब्रिटनचं ड्रोन आपोआप मिळत नाही. त्यासाठी स्टॅनॅग ४५८६ हा वेगळा करार आहे. त्यात पाच पातळ्या केल्या आहेत. पहिलीत दुसऱ्याच्या ड्रोनची माहिती फिरून आपल्यापर्यंत येते, दुसरीत थेट येते, तिसरीत त्याचा कॅमेरा आपण फिरवू शकतो, चौथीत ड्रोनच आपल्या ताब्यात येतं आणि पाचवीत उड्डाण-उतरणंही आपलंच. मी अकरा वर्षं ग्राउंड स्टेशनचं सॉफ्टवेअर तपासतोय आणि माझी गाठ बहुतेक वेळा दुसऱ्या पातळीशीच पडते.

तिथेच किती घोळ होतो ते सांगतो. एकदा दोन देशांच्या टीम चाचणीला आल्या होत्या. एकीच्या ड्रोनचा व्हिडिओ दुसरीच्या स्क्रीनवर छान दिसत होता. पण कॅमेरा ज्या ट्रकवर रोखलेला होता, त्याची खूण नकाशावर भलत्याच जागी, शेजारच्या शेतातल्या एका ग्रीनहाउसवर पडत होती. चित्र स्वच्छ, जीपीएस उत्तम, सॉफ्टवेअर दोघांचंही बरोबर. दुपारभर आम्ही केबल तपासत बसलो.

चूक उंचीत होती. व्हिडिओसोबत जी माहिती वाहते तिला केएलव्ही म्हणतात. तिच्यात समुद्रसपाटीपासूनच्या उंचीचा रकाना वेगळा आणि जीपीएस ज्या गणिती लंबगोलापासून मोजतं त्या उंचीचा वेगळा. एका टीमने दुसऱ्या रकान्यातला आकडा पहिल्यात भरला होता. नेदरलँड्समध्ये या दोन उंच्यांत चाळीसहून जास्त मीटरचा फरक पडतो. (आपल्याकडे उलट आहे. महाराष्ट्रात समुद्रसपाटी त्या लंबगोलाच्या साठेक मीटर खाली आहे.) कॅमेरा क्षितिजाखाली १० अंशांवर रोखलेला असेल तर उंचीतली ४४ मीटरची चूक जमिनीवर अडीचशे मीटर होते. तिथे ट्रकऐवजी कुणाचं घर असतं तर? त्या रात्री मला झोप लागली नाही.

म्हणून माझं ठाम मत आहे की सामायिक स्टँडर्डचा जीव ट्रेनिंगमध्ये आहे. रकाना कागदावर बरोबरच होता. ‘ही उंची कशापासूनची?’ हे त्या खोलीत कुणीच विचारलं नाही, कारण तसं विचारायला कुणाला शिकवलंच नव्हतं.

देवळालीचे सुभेदार (निवृत्त):
तोफखान्यात २८ वर्षं काढली. ओपीकडून, म्हणजे पुढच्या निरीक्षण चौकीकडून, आलेला आकडा परत म्हणून दाखवल्याशिवाय पुढे सरकायचं नाही, हे आमच्या अंगात मुरवलं होतं. तुमचं म्हणणं शंभर टक्के पटलं. पण एक शंका आहे. युक्रेनमध्ये महिन्या-महिन्याला ड्रोन बदलतंय. तुमचे हे करार व्हायला वर्षं लागतात. जवानाने तोवर थांबायचं का? आणि आपला यात संबंध काय, आपण तर नाटोत नाही.

आइंडहोव्हनहून:
साहेब, थांबायचं नाहीच. लहान एफपीव्ही ड्रोनसाठी (गॉगलमध्ये ड्रोनच्या कॅमेऱ्यातलं बघत उडवतात ती) जाड पुस्तक लिहीत बसणं मलाही मान्य नाही. पण आकडा कसा लिहायचा, खूण कशी पाठवायची हे सारखं असेल तर ड्रोन रोज बदललं तरी निभतं. इथे नेदरलँड्समध्ये व्रेडेपीलला २०२१ पासून दरवर्षी ड्रोनविरोधी सराव होतो. वेगवेगळ्या देशांची रडार, सेन्सर, जॅमर एकमेकांना जोडून बघतात आणि जिथे जुळत नाही तिथे जागेवरच दुरुस्ती करतात. २०२४ मध्ये युक्रेनही आला. पोलंडमध्ये बिदगोश्चला २०२५ मध्ये नाटो आणि युक्रेनचं एकत्र केंद्र उघडलं, युद्धात कळलेलं लगेच ट्रेनिंगमध्ये यावं म्हणून. हीच दिशा मला योग्य वाटते.

आणि आपला संबंध आहे. ऑक्टोबर २०२४ मध्ये भारताने ३१ एमक्यू-९बी, म्हणजे मोठी अमेरिकी लष्करी ड्रोन, घ्यायचा करार केला. ते विमान नाटोच्या ४६७१ या उड्डाणयोग्यतेच्या स्टँडर्डवरच बेतलेलं आहे. सुरक्षित दळणवळणासाठीचा कॉमकासा करार तर आपण अमेरिकेशी २०१८ मध्येच केला. त्या कन्सोलवर आपली पोरं बसणार आहेत. रकाने तेच असतील.

कराडकर_पायलट:
दादा, सुभेदार साहेब, दोघांचे आभार. हे वाचून सकाळी रिमोट हातात घेतला. आमच्या मशीनला खाली रडार आहे, ते पिकाच्या शेंड्यापासूनची उंची दाखवतं. त्याच्याच शेजारी टेक-ऑफच्या जागेपासूनची उंची असते. दोन सीझन मी पहिलाच आकडा बघत आलो. आज बांध उतरून खालच्या वावरात गेल्यावर दोन्हींत चार मीटरचा फरक दिसला.