पेन्शन सरकार देतं म्हणजे नक्की कोण देतं?

'युरोपात म्हातारपणी सगळं सरकारच बघतं' असं म्हणतात, पण ते विधान जरा सैल वाटतं. सरकारकडे तरी पैसा येतो कुठून?

जर्मनीत पगाराच्या १८.६ टक्के वर्गणी कापली जाते, निम्मी मालकाची, निम्मी नोकरदाराची. ती साठवली जात नाही, आजच्या निवृत्तांना वाटली जाते. कमी पडतं ते केंद्र सरकार करांतून घालतं, आणि तो आकडा वर्षाला १०० अब्ज युरोंच्या वर गेलाय. जर्मनीचा तेव्हाचा चान्सलर (सरकारप्रमुख) बिस्मार्क याने १८८९ मध्ये पेन्शनचा कायदा केला तेव्हा पेन्शनचं वय ७० होतं. तेवढं जगायचे किती जण! हिशोब सोपा होता.

मला स्वीडनचं जास्त पटतं. तिथे १९९० च्या दशकात मोठ्या पक्षांनी एकत्र बसून पद्धतच बदलली. पगाराच्या १८.५ टक्के वर्गणीपैकी १६ टक्के फक्त नावावर जमा दिसतात, प्रत्यक्षात आजच्या निवृत्तांवर खर्च होतात. उरलेले अडीच टक्के खरोखर फंडात गुंतवले जातात. वर एक 'ब्रेक' बसवलाय: देणी जमेपेक्षा वाढली की पेन्शनची वाढ आपोआप रोखली जाते. २०१० मध्ये तो लागला आणि चक्क पेन्शन कमी झाली. अर्थात त्याच सुमारास निवृत्तांचा आयकर कमी करून सरकारने फुंकरही घातली, निवडणुकीचं वर्ष होतं ना!

ऑस्ट्रेलियाचा मार्ग तिसराच. मालकाने पगाराच्या १२ टक्के तुमच्या खात्यात भरायचे, आणि सरकारी पेन्शन मालमत्ता बघून. त्यात राहतं घर मात्र धरत नाहीत, त्यामुळे महागड्या बंगल्यात राहणाऱ्यालाही ती मिळू शकते.