द लाँग डार्क: दोन दिवसांच्या पुढे जगताच येत नाहीये, सुरुवात नेमकी कशी करायची?

फोंडेकर_२१

नमस्कार मंडळी. मी फोंड्याचा. परीक्षा संपली, बाहेर पाऊस असा धरलाय की कुठे जायची सोय नाही, म्हणून चुलतभावाने दिलेला द लाँग डार्क, तो बर्फाळ रानात एकट्याने जगून राहायचा गेम, लॅपटॉपवर टाकला आणि पार वेडाच झालोय त्याच्यापायी. सर्व्हायव्हल मोड, व्हॉयेजर म्हणजे मधली लेव्हल. आत्तापर्यंत सात वेळा मेलो. जास्तीत जास्त दोन दिवस टिकलो असेन. दोनदा लांडग्याने खाल्लं आणि बाकी पाचही वेळा थंडीने. एकदा मेलं की सेव्ह पण जाते, परत पहिल्यापासून.

मी करतो काय तर पहिलं घर मिळालं की मिळेल ते सगळं उचलतो, डबे, भांडी, कपडे, पुस्तकं, पाना, काय हाताला लागेल ते, कारण पुढे लागेल असं वाटतं. मग पुढचं घर शोधायला निघतो आणि मध्येच वारा सुटतो, काही दिसत नाही, थंडीचा बार रिकामा होतो, काड्या ओढतो तर आग वाऱ्याने विझते. परवा अकरा काड्या होत्या त्या सगळ्या एका संध्याकाळी गेल्या.

खरं सांगायचं तर बर्फ मी बघितलाय तो मासळी बाजारातला. थंडीत माणूस कसं वागतो ते आपल्याला माहीतच नाही. कुठल्या भागातून सुरू करू, पहिल्या दिवशी काय करू, लांडगा आला तर काय करू, आणि खायचं काय, कोणीतरी नीट सांगा. गेम सोडायचा नाहीये, तो तळ्यावरचा सूर्यास्त बघितल्यापासून तर नाहीच.

म्हापसेकर

पिल्ग्रिम, म्हणजे सगळ्यात सोप्या लेव्हलवर खेळ. तिथे लांडगे अंगावर येत नाहीत, उलट तुला बघून पळतात. आधी नकाशा पाठ कर, मग व्हॉयेजर. भाग म्हणशील तर मिस्ट्री लेक, दुसरा विचारच करू नकोस.

डिचोलीची_ताई

मिस्ट्री लेकला माझा पण दुजोरा, पण पिल्ग्रिमबद्दल मी थोडी वेगळी आहे, ते खाली लिहिते. मी २०१७ मध्ये पूर्ण गेम आला तेव्हापासून खेळतेय, त्याच्या आधी अर्ली ॲक्सेस, म्हणजे अर्धवट तयार गेम, २०१४ पासून होता पण तेव्हा माझ्याकडे चालेल असा कॉम्प्युटर नव्हता.

बाळा, तुझ्या लिहिण्यातच उत्तर आहे. सातापैकी पाच वेळा थंडी आणि भुकेने एकदाही नाही! आणि तू उचलतोस काय तर डबे. या गेममध्ये चार बार आहेत, थंडी, थकवा, तहान, भूक, आणि नवीन माणूस ते चारही सारखेच समजतो. ते सारखे नाहीत. भुकेचा बार रिकामा ठेवून तू कितीतरी दिवस फिरू शकतोस, तब्येत हळूहळू उतरते, एवढंच. थंडीचा बार रिकामा झाला की काही तासांत खेळ खलास. खऱ्या जंगलात पण तीनाचा नियम सांगतात, वाईट हवामानात आडोशाशिवाय ३ तास, पाण्याशिवाय ३ दिवस, अन्नाशिवाय ३ आठवडे. तो क्रम डोक्यात ठेवून खेळ.

आपल्या आज्या पुरुमेंत करायच्या ना, तसाच हा गेम आहे. मे महिन्यात, उन्हं असताना, लाकडं, चुडतं, सुकी मासळी, सोलं, मिरच्या, सगळं भरून ठेवायचं, कारण एकदा पाऊस लागला की बाहेर जाऊन काय आणणार. आमच्या घरी चुलीमागे लाकडांची थप्पी छपराला टेकायची आणि आजी पावसात एकेक लाकूड मोजून लावायची. गेममध्ये वादळ म्हणजे तुझा जून महिना. आकाश स्वच्छ आहे, वारा पडलाय, तेव्हा डबे शोधत लांब जायचं नाही, आधी घराच्या आसपासची लाकडं गोळा करून दाराशी टाकायची. वादळ आलं की आत बसून बर्फ वितळवायचा, पाणी उकळायचं, फाटके कपडे शिवायचे. घरातले पडदे फाडले तर कापड मिळतं हे तुला माहीत नसेल तर आत्ता कळलं.

पाण्याचं: बर्फ वितळवला की लगेच प्यायचा नाही, तो उकळावा लागतो, नाहीतर पोट बिघडतं आणि त्याच्यात वेळ जातो. आग पेटवलीच आहे तर दोन-चार लिटर पाणी करूनच ठेव, प्रत्येक वेळी तहान लागली की नवी काडी ओढायची नाही.

सामानाचं: ३० किलोपर्यंत तुला काही होत नाही. त्याच्या वर गेलं की चाल मंदावते, उतारावर पाय मुरगळतो, आणि थकवा वाढला की ही ३० ची मर्यादा पण खाली येते, म्हणजे सकाळी बरोबर वाटलेली बॅग संध्याकाळी जड झालेली असते. मिस्ट्री लेकला तळ्याकाठी कॅम्प ऑफिस आहे, तिथे पलंग आहे, चूल आहे, कामाचं टेबल आहे. त्याला घर मान. सगळं तिथल्या कपाटांत आणि जमिनीवर टाक, आणि निघताना बॅग बघून स्वतःला विचार की यातलं काय मला आज रात्रीपर्यंत लागणार आहे. तो पाना लागणार आहे का? नाही. ठेव.

आता पिल्ग्रिम. तिथे लांडगा पळतो म्हणून माणूस हातात कच्चं मांस घेऊन गाणी म्हणत फिरायला शिकतो आणि मग व्हॉयेजरला आला की ती सवय मोडायला वेळ लागतो. म्हणून मी म्हणते व्हॉयेजरवरच रहा, फक्त पहिले दहा दिवस तळ्याच्या भागाबाहेर जाऊ नकोस.

म्हापसेकर

ताई, सवयीचा मुद्दा पटला. पण सात वेळा मेल्यावर पोरं गेम बंद करतात, माझ्या दोन मित्रांनी केला. म्हणून म्हटलं. निदान एकदा पिल्ग्रिमवर तळ्याभोवती फिरून कॅम्प ऑफिस, ट्रॅपरची झोपडी, डॅम, टेहळणीची टॉवर, मासे पकडायच्या झोपड्या कुठे कुठे आहेत ते बघून ये, मग व्हॉयेजर. गेममध्ये नकाशा आपोआप तयार होत नाही हे लक्षात घे, विझलेल्या आगीतला कोळसा उचलायचा आणि उघड्या जागी उभं राहून त्याने नकाशा काढायचा. वादळ-धुकं असेल तर काढता येत नाही.

वाळपईकर

आगीबद्दल मी लिहितो कारण माझा जीव त्याच्यात आहे. आमच्याकडे सत्तरीत जुलैमध्ये रानात आग पेटवून बघा म्हणजे कळेल, सुकं काही म्हणून मिळत नाही, मोठ्या झाडाच्या बुंध्याला चिकटलेली मेलेली फांदी मोडायची, साल काढायची, आतलं कोरडं तासायचं, आणि पेटवायची ती पाठीने वारा अडवूनच. गेममध्ये ओल्या लाकडाचा त्रास नाही पण वाऱ्याचा आहे, आणि अकरा काड्या तिथेच गेल्या असणार.

उघड्यावर आग पेटवूच नकोस. खडकाच्या मागे, भिंतीच्या आडोशाला, गुहेत. गुहा तर सोनं, आत वारा नाही आणि बऱ्याचदा दगडी कोळसा पण पडलेला असतो, तो लाकडापेक्षा जास्त ऊब देतो, फक्त आग आधी थोडा वेळ जळलेली पाहिजे, लगेच टाकता येत नाही. घरातल्या चुलीला वाऱ्याची भीती नाही. आणि बाहेर वारा फिरतो हे विसरू नकोस, पेटवताना आडोसा होता तो तासाभराने आडोसा राहीलच असं नाही, त्यामुळे बाहेरच्या आगीच्या भरवशावर आठ तास झोपायचं नाही. झोपायच्या आधी दोन गोष्टी बघ, आग किती तास चालणार आणि ती विझल्यावर तिथलं जाणवणारं तापमान किती असणार. पाचपैकी एकदा तरी तू झोपेतच गेला असशील, बरोबर?

आणि सगळ्यात मोठी गोष्ट, जी मला कोणी सांगितली नव्हती. पेटत्या आगीतून मशाल काढता येते. मशाल हातात घेऊन चालत जा, पुढच्या जागी त्याच मशालीने नवी आग पेटव, काडी लागत नाही. म्हणजे शांत हवा असेल तर एका काडीवर दोन-तीन ठिकाणच्या आगी होतात. आमच्याकडे शेजारच्या चुलीतला निखारा करवंटीत घालून आणायचे तसंच. भिंग मिळालं आणि ऊन असलं तर तेवढी पण काडी नको. आग पेटवण्याचं कौशल्य तिसऱ्या पातळीला गेलं की सुरुवातीचं चिपाड पण लागत नाही, तोपर्यंत वर्तमानपत्र, सालटी, पाणकणसाचं बोंड, सगळं जपून.

फोंडेकर_२१

झोपेतच गेलो होतो, दोनदा!! आग तीन तासांची आणि झोपलो दहा तास. आता कळलं. मशालीचं तर माहीतच नव्हतं. ताई, पुरुमेंताचं एकदम डोक्यात बसलं, आमच्याकडे आई अजून करते. लांडग्यांचं पण सांगा ना कोणीतरी. आणि खायला काय, डबे संपल्यावर?

डिचोलीची_ताई

लांडगा वासावर येतो. तुझ्याकडे कच्चं मांस असलं की स्क्रीनवर वासाच्या रेघा दिसतात, जेवढ्या जास्त तेवढ्या लांबून त्याला कळतं. पिशवीत सुकं बांगडं घेऊन गल्लीतून गेलं की मांजरं कशी मागे लागतात, तेच. म्हणून मांस कापलं की जमलं तर तिथेच आग करून शिजव, शिजलेल्याचा वास कमी. नाहीतर घराबाहेर बर्फात टाकून ठेव, आत ठेवण्यापेक्षा जास्त दिवस टिकतं.

समोर आलाच तर पळू नको. पेटती मशाल हातात असेल तर तो घुटमळतो, जवळ यायला बघतो पण अडखळतो, तेवढ्यात मागे मागे सरकत दार गाठ. पाठलाग करत असेल तर मांसाचा एक तुकडा टाकून दे, तुझ्यापेक्षा त्याला तो प्यारा. चावलाच तर आधी रक्त थांबवायला पट्टी, मग जखम चिघळू नये म्हणून औषध. औषध नसेल तर झाडांच्या फांद्यांवरून दाढीसारखं लोंबणारं शेवाळ असतं, त्याची पट्टी चालते, दिसेल तिथे तोडून घेत जा.

खाण्याचं: तळ्याच्या आणि ओढ्यांच्या काठी पाणकणसं उभी असतात. एका देठात १५० कॅलरी, वास नाही, नासत नाही, शिजवायला नको. मी प्रवासासाठी फक्त तीच ठेवते. ससा मिळवायला बंदूक लागत नाही, दगड मारून गुंगवायचा आणि धावत जाऊन उचलायचा, पहिले वीस दगड चुकतील, चुकू दे. लांडग्याचं आणि अस्वलाचं मांस सुरुवातीला खाऊच नकोस, शिजवलं तरी पोटात जंत होतात, स्वयंपाकाचं कौशल्य पाचव्या पातळीला पोचल्यावरच ते बिनधोक.

म्हापसेकर

एक राहिलंच. तळ्यावरून चालताना बर्फ करकरला तर लगेच मागे फिर, तिथला थर पातळ असतो. आत पडलास तर कपडे ओले, आणि ओले कपडे अंगावरच गोठतात, त्याच्यानंतर घर जवळ नसेल तर वाचणं कठीण. आणि घरात बसून पुरुमेंत खाणं पण किती दिवस, व्हॉयेजरला सतत आतच राहिलं तर केबिन फीवर, म्हणजे कोंडून राहिल्याचा त्रास होतो आणि मग आत झोपूच देत नाही. हवा बरी असेल तेव्हा बाहेर लाकडं, मासे, काहीतरी काढत रहा.

फोंडेकर_२१

चार दिवसांनी लिहितोय, मधे दोन दिवस लाइट नव्हती. काल रात्री बसलो. म्हापसेकर म्हणाले तसं आधी पिल्ग्रिमवर तळ्याभोवती चक्कर मारून आलो, मग नवीन व्हॉयेजर. आज माझा चौदावा दिवस चालू आहे!! कॅम्प ऑफिसच्या दाराशी लाकडांची रास केलीय, बॅग १९ किलो. नवव्या दिवशी वादळ आलं ते जवळजवळ दीड दिवस थांबलंच नाही, आणि मी आत पाणी उकळत, मोजे शिवत बसलो होतो, बाहेर खऱ्या पावसाचा आवाज आणि आत गेममधल्या वाऱ्याचा. आई मागून बघत होती, म्हणाली लाकडं अजून दोन भारे पाहिजेत, एवढी पुरायची नाहीत. खरंच पुरली नाहीत, शेवटी एक खुर्ची मोडून जाळली.

काल रात्री आकाशात हिरवा उजेड आला आणि ऑफिसमधले बंद दिवे आपोआप लागले, मी घाबरून दार बंद करून बसलो. हे काय असतं? तेव्हा बाहेर जायचं का नाही?

वाळपईकर

ऑरोरा, म्हणजे ध्रुवीय प्रकाश. तेव्हा बंद पडलेली वीज जागी होते, दिवे लागतात, कॉम्प्युटर चालू होतात. बाहेर जाऊ नकोस, त्या रात्री लांडगे जास्त चवताळलेले असतात, आणि जमिनीवर तुटलेल्या तारा दिसल्या तर त्यांच्यावर पाय द्यायचा नाही, शॉक बसतो. खिडकीतून बघ मात्र. आणि खुर्च्या जाळायच्या आधी कुऱ्हाड शोध, ती मिळाली की पडलेल्या जाड फांद्या तोडता येतात, मग आईला पाहिजेत तेवढे भारे होतील.