मदत हवी आहे: रोबेर्तो ओमेन्या यांची कारकीर्द श्रोत्यांसमोर कशी मांडू?

नमस्कार मंडळी,

आमच्या भागातल्या विज्ञान मंडळात पुढच्या महिन्यात मला मूकपटांच्या काळातल्या एका कॅमेरामनवर बोलायचं आहे. मी शाळेत जीवशास्त्र शिकवायचे, त्यामुळे निवड सोपी होती: फुलपाखरांवर, कीटकांवर चित्रपट करणारे, इटलीतल्या तोरिनो (ट्युरिन) शहराचे रोबेर्तो ओमेन्या (१८७६–१९४८). आपल्याकडे हे नाव जवळजवळ कुणालाच माहीत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

आधी थोडी माहिती देते. तोरिनोत आर्तुरो आम्ब्रोझ्यो यांचं छायाचित्रणाच्या सामानाचं दुकान होतं. १९०४ साली त्यांच्यासाठी ओमेन्यांनी सूझा ते मोंचेनिझ्यो या आल्प्सच्या घाटातली मोटारींची शर्यत टिपली. इटलीतली एक मोठी चित्रपट कंपनी पुढे यातूनच उभी राहिली. १९०८ हे एकच साल घ्या. पाँपेईच्या विनाशावरचा भव्य कथापट (दिग्दर्शक लुईजी माज्जी, कॅमेऱ्यावर ओमेन्या आणि ज्योव्हान्नी व्हित्रोत्ती), आफ्रिकेत जाऊन टिपलेली बिबट्याची शिकार आणि मेंदूविकारतज्ज्ञ कामिल्लो नेग्रो यांच्या रुग्णांवरचा वैद्यकीय चित्रपट, तिन्ही त्याच वर्षातले! कॅमेरामनने एकाच प्रकारात अडकायचं, हा शिरस्ता तेव्हा पडलाच नव्हता.

मला स्वतःला सगळ्यात जवळचा वाटतो तो १९११ चा फुलपाखरांच्या जीवनावरचा चित्रपट. त्या वर्षी तोरिनोत भरलेल्या आंतरराष्ट्रीय प्रदर्शनात त्याला पहिलं बक्षीस मिळालं. यात त्यांना साथ होती कवी ग्वीदो गोत्सानो यांची. गोत्सानोंना फुलपाखरांचं वेड होतं, त्यावर ते एक दीर्घ काव्यही लिहीत होते, ते अपुरंच राहिलं. क्षयाने खंगलेले हे गृहस्थ हवापालटासाठी १९१२ च्या सुरुवातीला बोटीने निघाले आणि आले कुठे, तर आपल्या मुंबईत! पारशांच्या दोखम्यावर आणि घारापुरीच्या लेण्यांवर त्यांनी लिहिलंय. त्याच सुमारास दादासाहेब फाळके लंडनला कॅमेरा आणायला गेले होते. परत आल्यावर फाळक्यांनी भांडवल देणाऱ्याची खात्री पटावी म्हणून पहिल्यांदा काय टिपलं? दाण्यातून उगवणारं वाटाण्याचं रोप. या दोन कामांचा एकमेकांशी काही संबंध होता असं मी अजिबात म्हणणार नाही. पण दोन्ही एकाच व्याख्यानात आणायची फार इच्छा आहे.

आता अडचणी. हाताने हँडल फिरवायच्या कॅमेऱ्यावर इतकी संथ वाढ पकडायचे कशी, हे श्रोत्यांना सोप्या भाषेत सांगता येत नाहीये. दुसरं, नेग्रोंच्या चित्रपटात खाटेवर एक बाई आहे. डोळ्यांवर मुखवटा, अंगाला झटके येतायत, शेजारी डॉक्टर तिला धरून आहेत. ओळख लपावी म्हणून मुखवटा घातलाय हे उघड आहे, पण पाहताना पोटात कालवतं. मंडळात शाळकरी मुलंही येतात. दाखवू की नको? आणि तिसरं, १९२६ पासून ओमेन्या रोममधल्या ‘लूचे’ संस्थेत विज्ञानपट करत होते. ही संस्था मुसोलिनीच्या प्रचाराचं मुख्य साधन होती, तिचे वार्तापट थिएटरांना सक्तीने दाखवावे लागत. या भागावर किती बोलावं?

प्रतिसाद

ताई, पहिल्या प्रश्नापुरतं सांगतो, जुने कॅमेरे दुरुस्त करणं हेच माझं काम आहे. नेहमीच्या हँडलच्या एका फेऱ्यात फिल्मची आठ चित्रं सरकतात. सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सोळा चित्रं. पण अनेक कॅमेऱ्यांना हँडल लावायची आणखी एक जागा असते, तिथे एका फेऱ्यात एकच चित्र उमटतं. कोशासमोर कॅमेरा पक्का बसवायचा, दर पंधरा मिनिटांनी एक फेरा द्यायचा. दिवसाची ९६ चित्रं, दहा दिवसांची ९६०. पडद्यावर बरोब्बर एक मिनिट. खरी डोकेदुखी उजेडाची असते. खिडकीतल्या उन्हावर विसंबलात तर चित्र सारखं लुकलुकतं.

मंडळात दाखवायला ओल्या फडक्यावर मटकी ठेवा, वर एकसारखा दिवा आणि मोबाईल स्टँडवर. दर दोन मिनिटांनी एक फोटो, बारा तासांत ३६० फोटो. मोड येताना साडेबावीस सेकंदांत दिसतील. मुलं खूश होतील.

मुखवट्याच्या बाईबद्दल माझं मत स्पष्ट आहे: मुलांसमोर नको. रुग्ण ‘हो’ म्हणाली होती का, हे विचारायची पद्धत तेव्हा होती कुठे?

धागाकर्ती

दादा, खूप आभार. मटकीचा प्रयोग नक्की करते, दिवा रात्रभर चालू ठेवायची तयारी आहे.

मुलांचं तुमचं म्हणणं पटलं. ते दृश्य न दाखवता त्याविषयी फक्त बोलेन, कारण ते अजिबात वगळलं तर ओमेन्या निव्वळ फुलपाखरांचे होऊन बसतील, आणि ते खरं नाही. लूचेबद्दलही माझं तेच मत होत चाललंय. कीटकांवरचे चित्रपट निरुपद्रवी असतील, पण पैसा आणि फिल्म कुणाकडून येत होती ते श्रोत्यांना कळायला हवं. तुम्हा सगळ्यांचं यावर काय म्हणणं आहे ते जरूर लिहा.

आणखी एक विनंती. इथे कुणाला इटालियन वाचता येत असेल, तर गोत्सानोंच्या मुंबईवरच्या लेखांतली पान-दोन पानं मला मराठीत समजावून सांगाल का? फोनवर सांगितलंत तरी चालेल, मी लिहून घेईन. तोरिनोत राहणारे कुणी मराठी असतील आणि तिथल्या चित्रपट संग्रहालयात जाणं होत असेल, तर त्यांनीही कृपया इथे लिहावं.