होस्ट्स फाइलमध्ये नोंद करूनही सॉफ्टवेअर नेटवर जातंय, मदत हवी आहे

ऋतुगंध: एका सॉफ्टवेअरचं नेट बंद करायचंय. होस्ट्स फाइलमध्ये (कुठल्या साइटचं नाव कुठल्या पत्त्यावर न्यायचं ते कॉम्प्युटर आधी जिथे बघतो ती फाइल) १२७.०.०.१, म्हणजे माझ्याच कॉम्प्युटरचा पत्ता, आणि पुढे त्यांच्या साइटचं नाव लिहिलं. ब्राउझरमध्ये साइट उघडत नाही, पण सॉफ्टवेअर खुशाल अपडेट उतरवतंय. लवकर सांगा, काम अडलंय.

धुळाक्षर: विंडोज की लिनक्स? नोटपॅड शेवटी .टीएक्सटी चिकटवतं, मग ती फाइल वाचलीच जात नाही. नोटपॅड अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा.

कोरीपाटी: साइट बंद झालीय म्हणजे फाइल वाचली जातेय. सॉफ्टवेअर कुठलं ते सांगा आधी.

झुंबर: जाहिराती अडवायला साइटच्या नावांच्या तयार याद्या मिळतात. मी ०.०.०.० वापरते, म्हणजे कुठलाच पत्ता नाही. १२७.०.०.१ मुळे विनंती आपल्याच कॉम्प्युटरकडे वळते.

ऋतुगंध: जाहिराती नाहीत हो! विंडोज १०. चित्रं काढायचं सॉफ्टवेअर, विकत घेतलेलं. नव्या आवृत्तीत माझे जुने ब्रश चालत नाहीत, म्हणून अपडेट नकोय.

कोरीपाटी: मग उघड आहे. मुख्य नाव अडवलं तरी त्याआधी 'अपडेट.' किंवा 'सीडीएन.' (फाइली वाटणारे सर्व्हर) लावलेली नावं मोकळीच राहतात. सगळी नावं एकदम धरायला तारांकन (*) लावणं होस्ट्स फाइलमध्ये चालत नाही. प्रत्येक नाव वेगळं लिहा.

जुनाखेळिया: होस्ट्सच्या नादी लागूच नका. सॉफ्टवेअर नाव न वापरता थेट आयपी क्रमांकावर (सर्व्हरचा आकडी पत्ता) गेलं की ती फाइल कुणी विचारत नाही. फायरवॉलमध्ये (विंडोजमधलं नेटची ये-जा अडवणारं साधन) आउटबाउंड रूल, म्हणजे बाहेर जाणाऱ्या जोडणीचा नियम करा, सॉफ्टवेअरची ईएक्सई (ते चालवणारी फाइल) निवडा, ब्लॉक.

धुळाक्षर: मला होस्ट्सने कायम पुरलंय. फायरवॉलचा रूल ईएक्सईच्या जागेला बांधलेला असतो, फोल्डर बदललं की निकामी.

जुनाखेळिया: अपडेटच झालं नाही तर फोल्डर बदलेल कशाला?

सांजपक्षी: अर्पानेटवर (इंटरनेटच्या आधीचं जाळं) सगळ्यांसाठी एकच होस्ट्स.टीएक्सटी असायची, स्टॅनफर्ड रिसर्च इन्स्टिट्यूटमध्ये सांभाळलेली. जाळं वाढलं, ती पुरेना, म्हणून १९८३ मध्ये डीएनएसची (नावावरून पत्ता शोधून देणारी व्यवस्था) मांडणी झाली. वाचण्यासारखा इतिहास आहे.

ऋतुगंध: रूल केला. तरी अपडेटची खिडकी आली!!

कोरीपाटी: अपडेटर बऱ्याचदा वेगळी ईएक्सई असते. रिसोर्स मॉनिटरमध्ये (विंडोजमधलंच साधन) नेटवर्क टॅब उघडा आणि खिडकी येताना कोण नेटवर आहे ते बघा.

ऋतुगंध: सापडली, नावातच अपडेटर आहे. ब्लॉक केल्यावर खिडकी येत नाहीये. पण लायसन्स तपासायला नेट लागलं तर?

जुनाखेळिया: मुख्य ईएक्सईचा रूल काढा, अपडेटरचा तेवढा ठेवा. होस्ट्समधली ओळही पुसा, लायसन्स त्याच नावावरून तपासत असतील तर अडेल.